अंगणातला तांबडा कापूस

“आबा, आपल्या जास्वंदीला रोज एवढी फुलं लागतात, मग तिला फळ का नाही धरत?”

धाकट्या नातवाचा हा प्रश्न दिवेलागणीला ओट्यावर आला आणि मला मनापासून आनंद झाला. दिवसभर तो मोठ्या आईसोबत शेडनेटमध्ये होता. आपल्या देऊळगाव राजाच्या शिवारात आता जागोजागी शेडनेटं उभी आहेत, आत मिरचीचं, टोमॅटोचं बियाणं तयार होतं. बाया चिमट्यानं एकेक कळी उघडतात, तिच्यातले पुंकेसर काढून टाकतात, दुसऱ्या झाडाचा पराग लावतात आणि खूण म्हणून दोरा बांधतात. त्या सगळ्या कामाला आपण नुसतं ‘क्रॉसिंग’ म्हणतो. हे बघून आलेल्या पोराला दारातली जास्वंद खटकणारच. बारा महिने फुलते आणि फळाचं नाव नाही!

मी म्हटलं, “उत्तर उद्या सकाळी. पण शेतातून कपाशीचं एक फूल आण, परसातल्या भेंडीचं एक आण. जास्वंद तर दारातच आहे.”

सकाळी तिन्ही फुलं पाटावर मांडली. थोरली नात आठवीत आहे, तिच्या हातात ब्लेड दिलं. जास्वंद लालभडक, भेंडीचं फूल पिवळं आणि पोटात जांभळट डाग, कपाशीचं दुधावरच्या सायीसारखं. म्हटलं, पोरांनो, रंग विसरा, घडण बघा. प्रत्येकीला पाच पाकळ्या, आणि प्रत्येक पाकळीची एक कड शेजारणीच्या खाली दडलेली. हिरव्या पेल्याच्या बाहेर आणखी एक हिरवं कडं आहे. कपाशीच्या पातीला तर ती झालरीची तीन पानंच असतात. आता मधोमध चीर द्या. इतर बहुतेक फुलांत पुंकेसर सुटे सुटे उभे असतात. इथं त्यांच्या सगळ्या दांड्या एकमेकींना चिकटून एक नळी झाली आहे आणि त्या नळीच्या पोटातून मादीची दांडी वर आली आहे. जास्वंदीत ती टोकाला पाच फाटे फोडते आणि प्रत्येक फाट्यावर मखमलीचा एक लाल ठिपका असतो.

थोरली बघतच राहिली. “आबा, तिन्ही आतून सारख्याच!”

असणारच. तिघी एकाच कुळातल्या. अंबाडीही त्यातलीच. तुझी आजी जास्वंदीची पानं चुरून केसांना लावते तेव्हा जो बुळबुळीत चिकट रस निघतो, तोच भेंडी चिरताना बोटांना लागतो. आणि आपण जिला जास्वंद म्हणतो तिला तमिळ माणूस ‘सेम्परुत्ती’ म्हणतो. ‘परुत्ती’ म्हणजे कापूस आणि ‘सेम्’ म्हणजे तांबडा. वनस्पतिशास्त्राची पुस्तकं छापली जाण्याच्या कितीतरी आधी कुणी तरी शेतकऱ्यानं किंवा शेतकरणीनं ही दोन फुलं शेजारी धरून बघितली असणार, आणि दारातल्या झाडाला तांबडा कापूस म्हणून हाक मारली असणार. मला हे नाव फार आवडतं.

भेंडीची गोष्ट तर आपल्या शेजारचीच आहे. जालन्याचे बद्रीनारायण बारवाले यांनी ‘पुसा सावनी’ या भेंडीच्या बियाण्यापासून सुरुवात केली, 1964 मध्ये महिको ही बियाणे कंपनी काढली, आणि 1998 मध्ये त्यांना जागतिक अन्न पुरस्कार मिळाला. तिकडे सुरतेला डॉ. सी. टी. पटेल यांनी 1970 मध्ये एच-4 ही कपाशी दिली. व्यापारी तत्त्वावर पेरला गेलेला तो जगातला पहिला संकरित कापूस. त्याचं बी यंत्रानं होत नव्हतं. दुपारनंतर बायका शेतात जायच्या, उद्या उमलणारी कळी अंगठ्याच्या नखानं सोलायच्या, पुंकेसरांची ती नळीच्या नळी अलगद ओढून काढायच्या, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी नराचं फूल तिच्यावर फिरवायच्या. आजही कपाशीचं क्रॉसिंग असंच होतं. आपल्या बायांच्या बोटांना फुलाची ही घडण पाठ आहे, फक्त ती कुणी त्यांना विज्ञान म्हणून सांगितली नाही.

“पण जास्वंदीला फळ का नाही?” धाकटा मुद्द्यावरून हलत नव्हता.

ऐक. तिच्या परागाचा कण मोठा असतो, मिलिमीटरच्या साधारण सातव्या-आठव्या भागाएवढा. नीट पाहिलं तर नुसत्या डोळ्यांनीही पिवळा ठिपका दिसतो, भिंगाखाली त्यावर काटे दिसतात. शिंजीर येतो, मधासाठी फुलात चोच घालतो, तेव्हा हे काटेरी कण त्याच्या पिसांना अडकतात. म्हणजे तिनं सगळी तयारी केलेली असते. अडचण वेगळीच आहे. ही आपली जुनी लाल जास्वंद माणसानं इतकी शतकं काडी लावूनच वाढवली आहे की रानात ती कुठं सापडतच नाही, आणि बी धरण्याची ताकद तिच्यात फारशी उरलेली नाही. वर आणखी एक गंमत. ही काडी तुझ्या पणजीनं सिंदखेडराजाहून, माहेरून आणली. त्यांच्याकडे ती आणखी कुणाकडून आली. आपल्या काडीची झाडं समोरच्या काकूंच्या दारात, मळ्यात, तुझ्या शाळेच्या कुंपणाला आहेत. आपल्याला दहा झाडं दिसतात, पण ते एकच झाड आहे, दहा ठिकाणी उभं असलेलं. शिंजीर या दारातून त्या दारात पराग नेतो, पण नेऊन नेऊन त्याच झाडाला देतो.

दोघंही गप्प झाली. मग थोरलीनं हळूच विचारलं, “म्हणजे पणजीनं हात लावलेलं झाड हेच?”

हो, हेच. लाकूड नवं, पण झाड तेच.

त्या दिवशी मग काड्या लावायचं ठरलं. काडी पेन्सिलीच्या जाडीची घ्यावी, फार कोवळी नको, अगदी जून लाकूडही नको. लांबी सहा ते आठ इंच. खालचा काप डोळ्याच्या जरासा खाली, तिरपा. वरची दोन पानं ठेवायची आणि तीही अर्धी कापायची. काडीला अजून मुळं नाहीत, पाणी प्यायला तोंडच नाही, आणि मोठी पानं तर पाणी उडवत राहतात. अर्धी वाळू, अर्धी माती, सावली, आणि ओल राखायची पण चिखल करायचा नाही. महिना-दीड महिन्यात मुळं धरतात. मृगाचा पाऊस पडून गेला की हे काम सगळ्यात सोपं, पण भाद्रपदातही जमतं.

धाकट्यानं एक काडी मुद्दाम उलटी खोचली. मी रागावलो नाही. हाच प्रयोग 1878 च्या सुमारास हेर्मान फ्योख्टिंग नावाच्या जर्मन शास्त्रज्ञानं केला होता. विलो नावाच्या झाडाच्या डहाळ्या त्यानं ओलसर हवेत टांगल्या, काही सुलट, काही उलट. मुळं फुटली ती दर वेळी डहाळीच्या मूळच्या खालच्या टोकाला, मग ते टोक आता आकाशाकडे का असेना. काडीला आपलं खाली आणि वर ठाऊक असतं. कसं? शेंड्यात आणि कोवळ्या पानांत एक द्रव्य तयार होतं, त्याचं नाव ऑक्झिन. ते पेशीपेशीतून शेंड्याकडून बुंध्याकडे, एकाच दिशेनं सरकतं. झाड तोडलं तरी काडीतला तो प्रवाह आपली दिशा सोडत नाही. खालच्या कापाशी ते साचतं, आणि तिथल्या पेशींना मुळं काढण्याचा हुकूम मिळतो. रोपवाटिकेत काडी ज्या पांढऱ्या भुकटीत बुडवतात, त्या भुकटीत या ऑक्झिनचंच एक भावंड असतं.

हेच ऑक्झिन आणखी एक काम करतं, आणि ते आपल्या शेतात प्रत्येकाला माहीत आहे. पेरणीनंतर दीड महिन्यानं आपण तुरीचे शेंडे खुडतो. का? फांद्या वाढाव्यात म्हणून. शेंडा शाबूत असतो तोवर त्याच्याकडून खाली येणारं ऑक्झिन बाजूच्या डोळ्यांना झोपवून ठेवतं. शेंडा खुडला की घरातल्या थोरल्याची दटावणी थांबावी तसे सगळे डोळे एकदम जागे होतात. जास्वंदीची छाटणी म्हणजे दुसरं काही नाही. तिला फूल लागतं नव्या फुटीवर. जितक्या नव्या फांद्या, तितक्या कळ्या. आणि माणसं काय करतात? झाडाला दुखेल म्हणून कात्री लावत नाहीत. मग झाड कुंपणाच्या वर बांबूसारखं जातं, खाली नुसत्या काटक्या, आणि फुलं अशा उंचीवर की देवासाठी तोडायला आकडी लागते. मला अशी झाडं बघून वाईट वाटतं. थंडी सरताना एकदा तिसरा हिस्सा छाटा, आणि छाटताना डोळा बाहेरच्या अंगाला तोंड करून असेल तिथंच, त्याच्या वर कापा, म्हणजे नवी फांदी बाहेर जाते आणि झाडाच्या पोटात ऊन-वारा शिरतो.

मोगऱ्याची तऱ्हा आणखी वेगळी आहे. आपल्या पलीकडे जालन्याच्या बाजूला मोसंबीच्या बागा आहेत. बहार धरायचा म्हणजे आधी ताण द्यायचा, पाणी तोडायचं. पानं मलूल होतात, गळतात, बघणाऱ्याचा जीव खालीवर होतो, पण बागायतदार थांबतो. झाडाला वाटतं आता काही खरं नाही, आणि ते पानांवरचा खर्च थांबवून फुलांची जमवाजमव करतं. मग पाणी सोडलं की बाग फुलून निघते. मोगऱ्याला डिसेंबर-जानेवारीत नेमकं हेच करायचं. पाणी तोडा, हलकी छाटणी करा, उरलेली पानं काढा, आठ-पंधरा दिवसांनी शेणखत घालून पाणी द्या. उन्हाळ्याच्या तोंडाशी प्रत्येक नव्या फुटीच्या टोकाला कळ्यांचा झुबका येतो. ज्यांचा मोगरा वर्षानुवर्षं हिरवागार आहे पण फुलत नाही, त्यांनी त्याला फार सुखात ठेवलं आहे.

थोरलीनं विचारलं, मोगरा संध्याकाळीच का उमलतो? कारण त्याचं गिऱ्हाईक रात्री येतं. पतंगाला अंधारात रंग कशाला? पांढरं दिसतं आणि वास लांबून येतो, तेवढं बस. म्हणून मोगरा, रातराणी, कुंद, पारिजातक, सगळे गोरे आणि सगळे सुवासिक. आणि दिवसा पाखरांना बोलावणारी जास्वंद लाल, पण तिला वास नाही. पाखरू वासाकडे फारसं लक्ष देत नाही. ज्याला जे कळतं त्याच भाषेत फूल बोलतं.

आता आपल्या मातीबद्दल सांगतो, कारण बाहेरून आणलेली निम्मी झाडं इथंच मरतात. आपली काळी माती पाणी प्याली की फुगते आणि उन्हाळ्यात आक्रसून तिला हात जाईल अशा भेगा पडतात. पावसाळ्यात ती पाणी धरून बसते, मुळांना श्वास घ्यायला हवा उरत नाही. लोक म्हणतात पाणी कमी पडलं, खरं तर झाड बुडून मेलेलं असतं. म्हणून दीड फूट लांब-रुंद-खोल खड्डा घ्यावा, तळाशी मुरूम, वर माती, शेणखत आणि थोडी वाळू असं भरावं, आणि बुंधा आजूबाजूच्या जमिनीपेक्षा जरा उंच ठेवावा.

दुसरी अडचण चुनखडीची. आजीनं मोठ्या हौसेनं अनंत लावला होता. दोन वर्षांत पानं पिवळी, शिरा तेवढ्या हिरव्या. सोयाबीनवर किंवा मोसंबीवर असं झालं की आपण म्हणतो केवडा पडला. जमिनीत लोह नसतं असं नाही, भरपूर असतं. पण चुन्याच्या संगतीत ते असं घट्ट बसतं की मुळांना उचलता येत नाही. आणि लोहाशिवाय पानातला हिरवा रंग तयार होत नाही. ताटात वाढलेलं आहे आणि खाता येत नाही, अशी ती उपासमार. अनंताला आंबट माती लागते, आपली माती त्याच्या उलट. शेवटी आम्ही तो कुंडीत घेतला, भरपूर कुजलेला पालापाचोळा घातला, अधूनमधून लोहाची फवारणी केली, आणि बोअरच्या जड पाण्याऐवजी पावसाचं साठवलेलं पाणी दिलं. आता जूनमध्ये तो फुलतो तेव्हा आजी एक फूल उशाशी ठेवून झोपते.

उन्हाळ्यात पाण्याची ओढ असते तेव्हा बुंध्याजवळ साधं, भाजलेलं मातीचं मडकं गळ्यापर्यंत पुरा आणि भरून झाकण ठेवा. माती सुकली की मडक्याच्या अंगातून पाणी ओढून घेते, ओली असली की घेत नाही. झाड लागेल तेवढंच पितं. दोन हजार वर्षांपूर्वीच्या चिनी शेतीग्रंथात ही रीत आहे.

याच भाद्रपदात जास्वंदीवर पांढरा पिठूळ थर दिसला. धाकटा म्हणाला, “आबा, मुंग्या झाड खातात.” मी त्याला भिंग दिलं. मुंग्या झाड खात नव्हत्या, त्या गुरं राखत होत्या. पांढरे ठिपके म्हणजे पिठ्या ढेकूण, आपण मिलीबग म्हणतो तो. तो झाडाचा रस पितो आणि पोटात न मावणारी साखर मागच्या बाजूनं थेंबाथेंबानं सोडतो. तो गोड चिकटा मुंग्यांना हवा असतो. म्हणून त्या मिलीबगची राखण करतात, शत्रूला हुसकावतात. 2006 च्या आसपास आपल्या देशाच्या कपाशीवर जो मिलीबग तुटून पडला तो मूळचा उत्तर अमेरिकेतला, आणि कपाशी हाताशी नसली की तो जास्वंदीवर मुक्काम करायचा. नातं त्यालाही बरोबर समजलं होतं! त्याला आवर घातला तो एनासियस नावाच्या एका इवल्याशा गांधीलमाशीनं. ती मिलीबगच्या अंगात अंडं घालते आणि तिची अळी त्याला आतून पोखरते. मग तो कडक, तपकिरी होऊन जागीच वाळतो. म्हणून झाडावर असे वाळलेले तपकिरी मिलीबग दिसले तर औषध फवारू नका, आत आपला माणूस कामाला आहे. आम्ही फक्त पाण्याचा जोरदार फवारा मारला, फार भरलेल्या दोन फांद्या काढून टाकल्या, बाकीच्यावर निंबोळी अर्क मारला आणि मुंग्यांची वाट बंद केली.

कुंपणाच्या कण्हेरीला मात्र मी कधी हात लावत नाही. तिला कोण खातं? बकरीसुद्धा तोंड लावत नाही, सगळं अंग विषारी, आणि पोरांनो तिची काडी तुम्हीही कधी दातात धरायची नाही. पानाच्या खालच्या बाजूला तिची श्वासाची छिद्रं बारीक खळग्यांत दडलेली असतात आणि खळग्याच्या तोंडाशी लव असते, म्हणून वैशाखाचा वारासुद्धा तिची ओल सहज पळवू शकत नाही. त्या विषारी पानांवर एका फुलपाखराच्या अळ्या मात्र खुशाल पोसतात. काळपट तपकिरी, पंखांच्या कडेला पांढरे ठिपके असलेलं ते फुलपाखरू तुम्ही रोज बघता. त्याचा कोश बघितला आहे का? त्या दिवशी मी दोघांना पानाखाली वाकून बघायला लावलं. तिथं चांदीचा थेंब टांगलेला होता! थोरलीला त्यात स्वतःचा चेहरा दिसला. त्यात चांदी नाही, कुठलाच धातू नाही. कोशाच्या भिंतीत शेकडो अतिपातळ पारदर्शक थर एकावर एक असतात, प्रत्येक थर थोडा उजेड परत पाठवतो आणि सगळे मिळून आरसा होतो. फुलपाखरू निघून गेलं की टरफल सुकतं आणि आरसा विझतो. साठ वर्षं मी हे बघतो आहे आणि अजून माझं मन भरलेलं नाही.

धाकट्याच्या मनातून मात्र फळ गेलं नव्हतं. कुंडीत मागच्या वर्षी रोपवाटिकेतून आणलेली पिवळी जास्वंद होती. ती पणजीच्या काडीची नव्हे, परक्या घरची. त्यानं स्वतःच मोठ्या आईला ओढून आणलं. दुपार कलल्यावर तिनं पिवळीच्या उद्या उमलणाऱ्या पाच कळ्या निवडल्या, पाकळ्या उघडून नळीवरचे पुंकेसर ब्लेडनं खरवडून काढले, आणि प्रत्येक कळीवर कागदाची पिशवी चढवली. दुसऱ्या दिवशी नऊच्या सुमाराला लाल जास्वंदीचं ताजं फूल तोडून त्याचा पराग पिवळीच्या पाचही ठिपक्यांना लावला. पाच फुलं, पाच तांबडे दोरे. जास्वंदीला क्रॉसिंग करणारी देऊळगावातली पहिली बाई मीच असेन, असं ती म्हणाली आणि हसली, पण हात शेडनेटमध्ये असतात तितकेच सांभाळून चालले होते.

पाकळ्या त्याच संध्याकाळी मिटल्या. तिसऱ्या दिवशी दोन फुलं देठासकट खाली पडली. चौथ्या दिवशी आणखी एक. धाकटा रोज उठून आधी कुंडीकडे जायचा, मग दात घासायचा. सहाव्या दिवशी चौथा दोराही मातीत मिळाला. त्यानं चारही दोरे उचलून खिशात ठेवले.

आज दहावा दिवस. गावच्या बालाजी महाराजांच्या यात्रेला आता थोडेच दिवस राहिले आहेत, घरात पाहुण्यांची तयारी चालू आहे. पाचवा दोरा अजून झाडावर आहे. हिरव्या पेल्याच्या आत काहीतरी फुगीर, हरभऱ्याच्या दाण्याएवढं दिसतं आहे, आणि धाकट्यानं घरातल्या सगळ्यांना ताकीद दिली आहे की त्या कुंडीजवळून कुणी पदर वाऱ्यावर सोडून जायचं नाही.